चित्रनगरीत लेखकाची खुर्ची कुठं?

कोल्हापुरात एखाद्या मालिकेचं शूटिंग लागलं की गावाला बरं वाटतं. मोरेवाडीच्या माळावर गाड्या लागतात, केटररला काम मिळतं, लॉजच्या खोल्या भरतात. हौशी नाटकात उभी हयात घातलेल्या एखाद्या काकांना दोन दिवसांचा सरपंच करायला मिळतो आणि पुढं महिनाभर पेठेत त्यांचा रुबाब काही औरच असतो. यात वाईट काहीच नाही. चित्रनगरी कित्येक वर्षं कुंपणातला माळ म्हणून पडून होती, ती वापरात आली हे चांगलंच झालं. आता मागणी अशी आहे की आणखी फ्लोअर बांधा, आणखी सेट उभे करा, शूटिंगला सवलती द्या. बांधा की. पण त्या फ्लोअरवर जे बोललं जाणार ते लिहिणारा कुठं बसलाय, त्याला काय मिळतं आणि त्याचं ऐकतं कोण, हेही एकदा विचारा. त्यातही विनोद लिहिणाऱ्याचं.

विनोदाचाच आग्रह का, तर सासू-सुनेचं भांडण गोरेगावात बसून लिहिलं आणि कोल्हापुरात चित्रित केलं तरी चालून जातं. रडण्याला गाव लागत नाही. विनोदाला लागतं. माझ्या ओळखीच्या एका तरुण लेखकानं एका स्किटसाठी लिहिलेला प्रसंग सांगतो. मुंबईला स्थायिक झालेला दीर सुट्टीला गावी आलाय, पंगत बसलीय. तो म्हणतो, "वैनी, पांढरा जरा कमीच वाढा." वहिनीचा हात वाटीवरच थांबतो. ती नवऱ्याकडं बघते, मग दिराकडं. "भावजी, बरं हाईसा न्हवं?" आणि पाठोपाठ, "मी सकाळपास्नं चुलीम्होरं बसलोय, आणि तुमी म्हंता कमी वाढा!" बस, एवढंच. ज्या गावात रस्सा मागेल तितका वाढतात, तिथं कमी मागणारा माणूस आजारी तरी असणार नाहीतर बिघडलेला तरी, हे ज्याला ठाऊक आहे त्यालाच ही ओळ सुचते. वाचून दाखवली तेव्हा आम्ही चौघंही हसलो होतो.

चॅनेलच्या क्रिएटिव्हकडून परत आली तेव्हा 'बसलोय'चं 'बसलेय' झालं होतं. बाईच्या तोंडी पुरुषी रूप ही टायपिंगची चूक असावी असं वाटलं असणार. कोल्हापुरातल्या निम्म्या बायका असंच बोलतात हे तिथं कुणाला माहीत नव्हतं. पांढऱ्याचा तांबडा झाला होता. दीर एक घोट घेतो, ओरडत पळत सुटतो आणि पाण्याच्या पिंपात तोंड घालतो. शेवटी सगळे मिळून म्हणतात, 'नाद खुळा!' कोल्हापूर म्हणजे तिखट, तिखट म्हणजे बोंब, बोंब म्हणजे विनोद, असा सगळा हिशेब. लेखकानं फोन केला तर उत्तर आलं की स्क्रिप्ट लॉक झालंय. त्याचं नाव मात्र श्रेयनामावलीत आलं, अर्ध्या सेकंदासाठी. न येतं तर बरं, असं तोच म्हणाला.

बदल सुचवायला कुणाची ना नाही. विनोदी लेखन दहा जणांच्या हाताखालून गेल्यावरच चोख होतं. प्रश्न आहे तो शेवटचा शब्द कुणाचा याचा. मराठी टेलिव्हिजनवर तो लेखकाचा नसतो, कारण लेखक हा तिथं भाडेकरू आहे.

या माणसाची कारकीर्द सहसा कशी घडते, बघा. सुरुवात कॉलेजात. शिवाजी विद्यापीठाचा युवा महोत्सव ही आमच्याकडच्या विनोदी लेखकांची खरी तालीम. लघुनाटिका, प्रहसन, पथनाट्य. मोजकी मिनिटं, आणि समोर दुसऱ्या कॉलेजची पोरं शिट्ट्या मारायला टपलेली. दुसरी तालीम गणपतीची. राजारामपुरीनं तांत्रिक देखावे करावेत आणि जुन्या पेठांनी सजीव, ही इथली वाटणी. सजीव देखाव्याचं लेखन करून बघा म्हणजे कळेल. संवाद आधी रेकॉर्ड केलेले असतात, पात्रं मंडळाचीच पोरं, प्रेक्षक रस्त्यात उभा, त्याच्या कडेवर लेकरू. पहिल्या मिनिटात हसला नाही तर तो पुढच्या चौकाकडं चालू लागतो. टीआरपी म्हणजे काय हे ज्यानं असं डोळ्यांनी बघितलंय त्याला ते मुंबईत कुणी वेगळं शिकवावं लागत नाही.

मग महालक्ष्मी एक्सप्रेस. रात्री बसायचं, सकाळी मुंबई. तिथं सुरुवातीचं काम बहुधा बिननावाचं असतं. कुणा मोठ्या लेखकाला एपिसोड वेळेत देणं झेपत नाही, त्याच्यासाठी लिहून द्यायचं. पुढं नाव लागतं, दर एपिसोडमागं रक्कम ठरते, आणि ती हातात पडायला नव्वद दिवस ही या धंद्याची जुनी रीत. घरमालक काही नव्वद दिवस थांबत नाही. एपिसोड रद्द झाला, स्किट बाजूला पडलं, चॅनेलनं कार्यक्रमच गुंडाळला, तर लिहिलेलं गेलं. त्याचे पैसे मागायची सोय बहुतेक करारांत नसते, आणि करार बहुतेकांनी वाचलेला नसतो.

इथं रस्ता फुटतो. लेखकाच्या लक्षात येतं की आपल्यासारखाच एपिसोडवर येणारा नट सुपारीच्या कार्यक्रमांना जातो, दुकानांच्या उद्घाटनाला फीत कापतो, गावच्या जत्रेत त्याला घोड्यावर बसवतात. आपल्याला आपल्या गल्लीतसुद्धा विचारतात, "सध्या काय करतोस?" मग तो स्वतःच्या स्किटमध्ये स्वतःसाठी एक छोटं पात्र लिहितो. आधी वेटर, मग शेजारी, मग कायमचा कुणीतरी. प्रेक्षक ओळखायला लागतात, आणि लेखन हा त्याचा जोडधंदा होतो.

ही कुणा एकाची गोष्ट नाही. आज समीर चौघुले आणि प्रसाद खांडेकर या दोघांना घराघरात ओळखतात ते नट म्हणून. ते कसदार लिहितात हे सांगितल्यावर अनेकांना नवल वाटतं. दिलीप प्रभावळकरांनी २००१ साली सुरू झालेल्या टिपरे कुटुंबाच्या मालिकेत लेखनही केलं आणि आबाही साकारले; लोकांच्या मनात राहिले ते आबा. हिंदीत शरद जोशींसारख्या व्यंगकारानं १९८४ मध्ये दूरदर्शनसाठी 'ये जो है जिंदगी' लिहिली. त्या पिढीतल्या कुणालाही विचारा, सतीश शाह आठवतील, शफी इनामदार आठवतील. लेखकाचं नाव आठवणारा विरळा. एक अपवाद मला फार बोलका वाटतो. 'चला हवा येऊ द्या'मध्ये सागर कारंडे पोस्टमन होऊन पत्रं वाचायचे, ती लिहिणाऱ्या अरविंद जगताप यांचं नाव महाराष्ट्रानं लक्षात ठेवलं. कारण उघड आहे. पत्र कुणीतरी लिहिलेलं असतं हे दिसतं. त्याच मंचावरचा हशा मात्र नटाच्या तोंडून आपसूक उगवतो अशी समजूत आहे.

आता लेखकानं नट होऊ नये असं माझं म्हणणं अजिबात नाही. खुशाल व्हावं, पण हौस म्हणून. पोटासाठी व्हावं लागू नये. दोन्हींत किती फरक पडतो याचं सगळ्यात चांगलं उदाहरण परदेशातलं आहे, आणि ते जरा सावकाश सांगण्याजोगं आहे.

कार्ल रायनर हा न्यूयॉर्कचा नट. पन्नासच्या दशकात सिड सीझर या विनोदवीराच्या कार्यक्रमात तो दुय्यम भूमिका करायचा. त्या कार्यक्रमाच्या लेखकांच्या खोलीत मेल ब्रूक्स होता, नील सायमन होता, ल्युसिल कॅलन होती. आरडाओरडा करत, एकमेकांचे विनोद फाडत लिहिणारी माणसं. रायनर नट असूनही त्या खोलीत जाऊन बसायचा. पुढं त्यानं त्या खोलीवरच मालिका रचली: टेलिव्हिजनसाठी विनोद लिहिणारा एक माणूस, त्याचं ऑफिस, त्याचं घर. चित्रीकरणाचा पत्ता नसताना त्यानं तेरा भाग लिहून काढले. मुख्य भूमिका स्वतःसाठीच लिहिली होती. नमुन्याचा भाग तयार झाला आणि पडला. कुणीही घेतला नाही. शेल्डन लेनर्ड या निर्मात्यानं त्याला सांगितलं की लेखन फर्मास आहे, नट बदलूया. म्हणजे तुला बदलूया.

आपल्याकडं इथं दोनच गोष्टी झाल्या असत्या. एक तर लेखक रुसला असता, नाहीतर नट बदलता बदलता लेखकही बदलला गेला असता. रायनर राहिला, आणि निर्माता म्हणून राहिला. डिक व्हॅन डाइकला घेऊन १९६१ मध्ये मालिका सुरू झाली, पाच हंगाम आणि १५८ भाग चालली. लोकप्रिय असतानाच, १९६६ मध्ये, ती त्यांनी आपणहून थांबवली. स्वतः रायनर त्यात अधूनमधून दिसायचा: मालिकेतल्या लेखकांचा अहंकारी मालक ॲलन ब्रॅडी. गंमत अशी की सुरुवातीच्या हंगामांत त्याचा चेहराच दाखवला नाही. पाठमोरा तरी, नाहीतर टॉवेलाखाली तरी. ज्याच्या हातात सगळी मालिका आहे त्याला तोंड दाखवायची घाई नव्हती. आपल्या लेखकाला ती असते, कारण त्याच्या हातात तेवढंच आहे.

अमेरिकेत लेखकाला ही खुर्ची कुणी दयेनं दिली नाही. तिथल्या लेखकांच्या संघटनेनं १९६० मध्ये संप केला, २००७-०८ मध्ये केला, २०२३ मध्ये १४८ दिवस केला. पुनःप्रक्षेपणाचा मोबदला, श्रेयाचे नियम, लेखकांच्या खोलीत किमान किती माणसं असावीत, हे सगळं भांडून मिळवलंय. तिथं टेलिव्हिजनचा लेखक पायरीपायरीनं निर्माता होतो. वरच्या पायरीवर नटनिवड, संकलन, पैसा या सगळ्यात त्याचा शब्द चालतो. आपल्याकडं ती शिडीच नाही. एकतर कॅमेऱ्यापुढं उडी मारा, नाहीतर लिहीत बसा.

कोल्हापूरकराला हे परकं वाटायचं कारण नाही. १९३६ मध्ये मास्टर विनायक, बाबूराव पेंढारकर आणि पांडुरंग नाईक यांनी याच गावात हंस पिक्चर्स काढली, तेव्हा पहिल्याच चित्रपटाची कथा वि. स. खांडेकरांची होती. १९३८ चा 'ब्रह्मचारी' आचार्य अत्र्यांनी लिहिला. लोकांना मीनाक्षी शिरोडकरांचा पोहण्याचा पोशाख आठवतो, ते ठीक. पण त्या विनोदाची धार, ब्रह्मचर्याच्या व्रताची आणि शिस्तीच्या सोंगाची ती टिंगल, ही अत्र्यांची. आणि कंपनीनं अत्र्यांचं नाव लपवलं नाही. लेखकाचं नाव हेच जाहिरातीचं भांडवल होतं. मराठी विनोदी चित्रपटातला हा मैलाचा दगड या गावच्या कंपनीनं रोवला तो आधी लेखक गाठून.

आणि मग काय झालं? तेच, जे आधीही झालं होतं. प्रभात १९२९ मध्ये इथं सुरू झाली आणि १९३३ मध्ये पुण्याला गेली. विनायकही पुढं पुण्याकडं आणि मुंबईकडं वळले. कंपन्या गेल्या, स्टुडिओ, त्यांच्या जमिनी आणि जमिनींची भांडणं मागं राहिली. जयप्रभा स्टुडिओच्या जागेसाठी या गावानं केलेली आंदोलनं रास्तच होती. पण एक गोष्ट खटकते. आम्ही वास्तूसाठी रस्त्यावर येतो, वहीसाठी कधी आलो नाही. शंकर पाटलांच्या कथाकथनाला गर्दी करणारं हे गाव. पट्टणकोडोलीच्या या माणसानं खेड्यातल्या फजितीला जी भाषा दिली, तिच्यावर निम्मं ग्रामीण टेलिव्हिजन आजही उधारीवर जगतंय. त्यांच्या जातकुळीचा पोरगा आज गावात असेल तर त्याला आम्ही काय सांगतो? मुंबईला जा.

यावर निर्मात्यांचं उत्तर मला माहीत आहे. पैसा ज्याचा, शब्द त्याचा. चॅनेल पैसे घालतं, तोटा झाला तर चॅनेलचा. लेखकाचं काय जातं? युक्तिवाद वजनदार आहे, पण अर्धा आहे. मालिका पडली की सगळ्यात आधी लेखक बदलतात, हे या धंद्यातलं शेंबडं पोरही सांगेल. म्हणजे अपयशाची जबाबदारी त्याच्यावर आहेच, फक्त अधिकार नाही. शिवाय लेखकानं व्यवहार हातात घेतला की काय होतं हे दिसतंच आहे. सचिन मोटे लेखक, सचिन गोस्वामी दिग्दर्शक, आणि दोघंही निर्माते. त्यांची 'महाराष्ट्राची हास्यजत्रा' २०१८ पासून लोक बघतायत. यशाची इतर कारणं असतीलच. पण संहिता ज्याला कळते तोच निर्माता असला की स्किट कुठं कापायचं आणि कुठं मोकळं सोडायचं याचा निर्णय कॉन्फरन्स कॉलवर होत नाही, एवढं नक्की.

दुसरा आक्षेप नटांचा, आणि तो मला जास्त खरा वाटतो. ते म्हणतात, विनोद कागदावर नसतोच. तो टायमिंगमध्ये असतो, ॲडिशनमध्ये, म्हणजे नटानं ऐनवेळी पदरच्या घातलेल्या वाक्यांत असतो. तमाशातल्या बतावणीला कुठं छापील संहिता होती? सोंगाड्या उभा राहिला की वग फुलायचा. वसंत सबनिसांचं 'विच्छा माझी पुरी करा' हे वगनाट्य दादा कोंडक्यांनी कुठल्या कुठं नेलं. हे सगळं मान्य. पण दादांना उभं राहायला सबनिसांनी जमीन दिली होती. राजा, कोतवाल, मैनावती ही माणसं आणि त्यांच्यातली गाठ पक्की होती, म्हणून रोज नवी ॲडिशन झेपली. गाठच नसेल तर नट ॲडिशन घेत घेत थकतो आणि मग बायकांचे कपडे घालतो. गेल्या काही वर्षांत पुरुषांनी साडी नेसण्यावर मराठी विनोद किती अवलंबून राहिला, हे मोजायला बसलात तर लेखकाची पत किती घसरलीय ते आपोआप कळेल. माझं मत जुनाट म्हणा हवं तर.

कायदा या बाबतीत लोकांना वाटतो तितका आंधळा नाही. कॉपीराइट कायद्यात २०१२ मध्ये दुरुस्ती झाली. राज्यसभेत जावेद अख्तर त्यासाठी उभे राहिले होते. चित्रपटात किंवा ध्वनिमुद्रणात वापरलेल्या साहित्यकृतीचा लेखक चित्रपटगृहाबाहेरच्या वापरासाठी रॉयल्टीत निम्म्या वाट्याचा हक्कदार आहे, आणि हा हक्क त्याला सोडूनही देता येत नाही. वारस किंवा कॉपीराइट सोसायटी वगळता कुणाच्या नावे करता येत नाही. कायद्याच्या भाषेत 'चित्रपट' म्हणजे दृश्यमुद्रण, त्यामुळं टेलिव्हिजन त्याच्या बाहेर राहत नाही. गीतकारांनी आणि संगीतकारांनी आपल्या सोसायटीमार्फत हा हक्क वसूल करायला सुरुवातही केली. संवादलेखक मात्र अजून एपिसोडच्या एकरकमी पैशावरच समाधान मानतो. इकडं त्याचं स्किट यूट्यूबवर तुकड्या-तुकड्यानं फिरतंय, रील होतंय, लग्नाच्या संगीतात कुणीतरी ते जसंच्या तसं सादर करतंय. दर तुकड्यापुढं जाहिरात. त्यातला रुपया त्याच्या घरी येत नाही.

कायदा बदलणं कोल्हापूरच्या हातात नाही. चित्रनगरीचं भाडं ठरवणाऱ्यांपुढं मात्र या गावाचा आवाज पोचतो. ती सरकारी महामंडळाची आहे, म्हणजे आपली आहे. फ्लोअरच्या भाड्यात सवलत द्यायचीच असेल तर अट घालावी. लेखकाशी लेखी करार, त्यात रॉयल्टीचा उल्लेख, आणि संहितेवर शेवटचा शब्द कुणाचा हे नावानिशी. ज्या मालिकेची लेखकांची खोली कोल्हापुरात बसते तिला जास्त सवलत. नुसती गाव दाखवायला येते तिला कमी. स्थानिक लेखक सहनिर्माता असेल तर आणखी. सरकार मराठी चित्रपटांना अनुदान देतं, तिथं गुण आणि श्रेणी असतात. मग इथं अट घातली म्हणून आभाळ कोसळणार नाही. निर्माते कुरकुर करतील. मुंबईतलं फ्लोअरचं भाडं आणि ट्रॅफिक बघितलं की परत येतील.

आणि खोली हवी. खरंच एक खोली: टेबल, फळा, सहा खुर्च्या, चहाची सोय, दार लावता येईल अशी. सेटवर मेकअपची खोली असते, मॉनिटरची असते, प्रॉडक्शनची असते. लेखक व्हॅनिटीच्या पायरीवर लॅपटॉप मांडीवर घेऊन सीन बदलत असतो आणि पाठीमागं स्पॉटदादा "सर, खुर्ची लागणाराय" म्हणत उभे असतात.

८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृह जळालं तेव्हा हे गाव रडलं. शाहू महाराजांनी उभारलेलं, १९१५ पासूनचं नाट्यगृह ते. त्याच्या उभारणीवरच्या चर्चेत गावात खुर्च्या, ध्वनी, रंगपट, पार्किंग सगळं बोललं गेलं. खासबागेकडची भिंत कशी असावी यावरसुद्धा चहाच्या टपरीवर मतं ऐकली. संहिता कुठं लिहायची, तालमीआधी चार लेखकांनी कुठं बसायचं, हे मला तरी कुणाच्या तोंडून ऐकू आलं नाही. चित्रनगरीच्या पुढच्या आराखड्यात ती सहा खुर्च्यांची खोली घालायला फार खर्च येणार नाही. किल्ली मात्र प्रॉडक्शनकडं नको, लेखकाकडं हवी.